जोह्याच्या बांधावर उणे एकसष्ट

पेण तालुक्यातलं जोहे गाव गणपतीच्या मूर्तींसाठी ओळखलं जातं. हमरापूर, जोहे, तांबडशेत, कळवे हा सगळा पट्टाच कारखान्यांचा. इथे कारखाना म्हटलं की धुराडं डोळ्यांसमोर आणायचं नाही. पत्र्याच्या शेडखाली रांगेने बसलेल्या, अजून डोळ्यांची आखणी न झालेल्या पांढऱ्या मूर्ती आणायच्या. पण आजची गोष्ट मूर्तींची नाही. कारखाने मागे टाकून पश्चिमेला खाडीकडे चालत गेलं की जी जमीन लागते, तिची आहे. त्या खारेपाटात एका बांधावर उभं राहून मी मोबाइलमधलं उंची दाखवणारं ॲप उघडलं. आकडा आला: उणे ६१ मीटर.

म्हणजे मी समुद्रसपाटीच्या एकसष्ट मीटर खाली, वीस मजली इमारत उभी बुडेल एवढ्या खोल, कोरड्या चपलांनी उभा होतो. सोबतच्या शेतकऱ्याने आकडा पाहिला आणि शांतपणे म्हणाला की आपण एवढे खाली राहत असतो तर अंगावर खवले आले असते.

ॲप बिघडलेलं नव्हतं. उपग्रहांनी सांगितलेला तो आकडा त्यांच्या हिशेबाने बरोबर होता, आणि शेतकऱ्याचं म्हणणंही बरोबर होतं. दोघं दोन वेगळ्या शून्यांपासून मोजत होते. ही दोन शून्यं एकमेकांपासून एवढी लांब कशी गेली, हे सांगायचं तर पृथ्वीचा आकार आणि तिचं गुरुत्व या दोन्हींची मोजदाद करणाऱ्या शास्त्राकडे, भूगणिताकडे, जावं लागतं. विश्वकोशाबाहेर हा शब्द फारसा भेटत नाही. विषय मात्र गवंड्याच्या पिशवीत रोज फिरत असतो.

त्या पिशवीत थापी असते, गुण्या असतो, ओळंबा असतो आणि पाणी भरायची पारदर्शक नळी असते. खोलीच्या चार कोपऱ्यांत एकाच पातळीच्या खुणा करायच्या तर नळीत पाणी भरायचं, एक टोक पहिल्या खुणेला धरायचं, दुसरं टोक समोरच्या कोपऱ्यात न्यायचं. पाणी जिथे थांबेल ती पातळी. आता कल्पना करा की ही नळी जोह्यापासून नागपूरपर्यंत लांबवली. एक टोक खाडीत बुडवलेलं आणि मधे कुठेही हवेचा बुडबुडा नाही. नागपुरात जमिनीखाली ज्या खोलीवर पाणी स्थिर होईल, ती तिथली समुद्रसपाटी. डोंगराखाली, शहराखाली, सगळ्या खंडांखाली अशी मनातल्या मनात पसरवलेली स्थिर पाण्याची पातळी म्हणजे भूगणितातला ‘जिऑइड’. भूगणितज्ञ ‘पृथ्वीचा आकार’ म्हणतात तेव्हा त्यांच्या डोळ्यांसमोर बहुधा हाच असतो, डोंगरदऱ्यांचा आकार नव्हे.

खारेपाटातल्या लोकांना ही पातळी पुस्तकातून शिकावी लागली नाही. इथली भातखाचरं उधाणाच्या पाण्याच्या पातळीपेक्षा खाली आहेत. अमावास्या-पौर्णिमेच्या उधाणाला पाणी कुठवर चढतं, मधल्या दिवसांत भांगाच्या भरतीला कुठे थांबतं, हे पाहूनच बांधाचा माथा ठरला. पेण-अलिबागच्या भागात, खाडीची जमीन लागवडीखाली आणणाऱ्या शिलोत्रदारांनी घातलेले शिलोत्री बांध ही जुनी व्यवस्था. ओहोटीला आतलं पाणी सोडायचं, भरतीला बाहेरचं अडवायचं, यासाठी उघाडी. बांधाला खांड पडली की खारं पाणी आत येतं आणि जमीन काही वर्षं हातची जाते. चार बोटांची चूक इथे चालत नाही. शेतकऱ्याला माझ्या मोबाइलचं हसू आलं ते उगाच नाही.

आता ओळंबा. दोरीला वजन बांधून सोडलं की ते सरळ खाली जातं. खाली म्हणजे कुठे? शाळेतलं उत्तर: पृथ्वीच्या केंद्राकडे. उत्तर सोपं आहे आणि चूक आहे. जोह्यात टांगलेल्या ओळंब्याची दोरी जमिनीतून आरपार वाढवत नेली तर ती पृथ्वीच्या केंद्राला सुमारे १३ किलोमीटर बाजूने टाळून जाते. कारण पृथ्वी फिरते. जोह्याची जमीन, तिच्यावरचे कारखाने आणि गणपती या सगळ्यांसकट ताशी सुमारे १,५८० किलोमीटर वेगाने पूर्वेकडे धावते आहे. ओल्या मातीचा गोळा चाकावर फिरवला की कमरेत फुगतो आणि डोक्याशी दबतो, तसंच पृथ्वीचं झालं आहे. विषुववृत्ताशी तिची त्रिज्या ६,३७८ किलोमीटर आणि थोडी, ध्रुवाशी ६,३५७ ला जराशी कमी. फरक साधारण २१ किलोमीटरांचा. अशा दबलेल्या गोलावर जमिनीला लंब धरलेली रेषा केंद्रातून जाते ती फक्त विषुववृत्तावर आणि ध्रुवांवर.

(याच फुगीरपणामुळे पृथ्वीच्या केंद्रापासून सगळ्यांत दूर असलेलं शिखर एव्हरेस्ट नसून इक्वेडोरमधलं चिंबोराझो आहे. समुद्रसपाटीपासून ते जेमतेम ६,२६३ मीटर, पण विषुववृत्ताच्या फुगवट्यावर बसलेलं. उंच पाटावर बसलेला बुटका माणूस.)

पृथ्वी दबलेली आहे याची पहिली चुणूक एका घड्याळाने दिली. १६७२ साली झाँ रिशे हा फ्रेंच खगोलविद दक्षिण अमेरिकेतल्या केयेन इथे निरीक्षणासाठी गेला. पॅरिसमध्ये अचूक चालणारं त्याचं लंबकाचं घड्याळ तिथे दिवसाला अडीच मिनिटं मागे पडू लागलं. लंबक जवळपास तीन मिलिमीटर आखूड केल्यावर ते ताळ्यावर आलं. घड्याळ तेच, लंबक तोच, मग हळू का झाला? त्याला खाली ओढणारं बळच विषुववृत्ताजवळ कमी होतं. न्यूटनने १६८७च्या आपल्या ग्रंथात यावरून पृथ्वी ध्रुवांशी दबलेली असल्याचा हिशेब मांडला. फ्रान्समधल्या कासिनी घराण्याच्या मोजणीवरून मात्र उलटं दिसत होतं. पृथ्वी संत्र्यासारखी की लिंबासारखी, हा वाद इतका पेटला की फ्रेंच अकादमीने १७३५ आणि १७३६ साली दोन मोहिमा पाठवल्या, एक विषुववृत्ताजवळ पेरूच्या मुलखात आणि एक उत्तरेला लॅपलंडमध्ये. संत्रं जिंकलं.

जोह्याचे गणपती परदेशी जातात, म्हणून त्यांच्याच वजनाचा हिशेब करून पाहू. जोह्यात स्प्रिंगच्या काट्यावर दहा किलो भरलेली मूर्ती लंडनमध्ये त्याच काट्यावर सुमारे २७ ग्रॅम जास्त भरेल. वाटेत मूर्तीत काही वाढलेलं नसतं. लंडन ध्रुवाच्या जास्त जवळ असल्यामुळे तिथली ओढ थोडी जास्त. दोन पारड्यांच्या तराजूवर मात्र फरक दिसणार नाही, कारण मापंही तेवढीच जड होतात. वाण्याच्या तराजूचा हा प्रामाणिकपणा मला नेहमीच आवडत आला आहे.

इथवर पृथ्वी निदान नीटनेटकी आहे: दबलेला, पण गुळगुळीत गोल. खरी गुंतागुंत पुढे आहे, आणि तिची मोजणी आपल्या अंगणातून गेली.

विल्यम लॅम्बटन नावाच्या इंग्रज लष्करी अधिकाऱ्याने १८०२च्या एप्रिलमध्ये मद्रासजवळ सेंट थॉमस माउंटपाशी एक आधाररेषा मोजली. साखळीने, उष्णतेने साखळी किती वाढते याचा हिशेब ठेवत, इंच-इंच. मग त्या रेषेच्या दोन टोकांवरून दूरच्या एका ठिकाणाचे कोन घ्यायचे. एक बाजू आणि दोन कोन माहीत असले की त्रिकोणाच्या उरलेल्या बाजू कागदावर निघतात. त्या बाजूवर दुसरा त्रिकोण, त्यावर तिसरा. अशी त्रिकोणांची माळ गुंफत तो कन्याकुमारीच्या बाजूने उत्तरेला निघाला. कोन मोजायचं त्याचं थिओडोलाइट अर्ध्या टनाचं. १८०८ साली तंजावरच्या देवळाच्या गोपुरावर चढवताना दोर निसटला आणि ते भिंतीवर आदळून वाकलं. दुसऱ्या कुणी काम गुंडाळलं असतं. लॅम्बटनने तंबूत बसून वाकलेलं चक्र पुन्हा गोल करून घेतलं.

हा खटाटोप नकाशासाठी होताच, पण लॅम्बटनचा जीव दुसऱ्या प्रश्नात अडकला होता. ७८व्या रेखांशाच्या आसपास दक्षिणोत्तर माळ गुंफत गेलं आणि जागोजागी ताऱ्यांवरून अक्षांश काढले, तर अक्षांशाचा एक अंश जमिनीवर किती लांब भरतो ते कळतं. पृथ्वी दबलेली असेल तर उत्तरेकडे हा अंश लांबत गेला पाहिजे. म्हणजे शेतांतून, जंगलांतून ओढलेली ही साखळी पृथ्वीच्या वक्रतेला लावलेली फूटपट्टी होती. १८१८च्या १ जानेवारीला या कामाला ‘ग्रेट ट्रिगोनोमेट्रिकल सर्व्हे’ हे नाव मिळालं. त्याच साली जॉर्ज एव्हरेस्ट त्याच्या हाताखाली रुजू झाला.

लॅम्बटन शेवटपर्यंत पोचला नाही. हैदराबादहून नागपूरकडे मुक्काम हलवत असताना २० जानेवारी १८२३ रोजी वर्धा जिल्ह्यातल्या हिंगणघाटला तो वारला. वय सत्तरीच्या आसपास. पृथ्वी संत्र्यासारखी कितपत आहे ते मोजणारा माणूस नागपूरच्या वाटेवर गेला, हा योग मला गमतीदार वाटतो आणि थोडा उदासही करतो. त्याची कबर हिंगणघाटातच आहे. ज्या शिखराशी एव्हरेस्टचा काडीचा संबंध नव्हता त्याला एव्हरेस्टचं नाव मिळालं. ज्याने सगळं सुरू केलं तो लॅम्बटन विदर्भाबाहेर किती मराठी वाचकांना ठाऊक आहे?

एव्हरेस्टने माळ पुढे हिमालयाच्या पायथ्यापर्यंत नेली. वऱ्हाडातलं टाकळखेडा हे तिच्यावरच्या महत्त्वाच्या ठाण्यांपैकी एक. या मोजणीतून १८३०च्या सुमारास भारतासाठी पृथ्वीचा जो आकार ठरला, त्यात विषुववृत्ताशी त्रिज्या ६,३७७ किलोमीटर २७६ मीटर आली. आज उपग्रहांच्या साहाय्याने मान्य झालेला आकडा आहे ६,३७८ किलोमीटर १३७ मीटर. फरक नऊशे मीटरांहून कमी. साखळी, थिओडोलाइट आणि मलेरिया एवढ्या भांडवलावर सगळ्या पृथ्वीच्या त्रिज्येत एवढीच चूक. दीडशेहून अधिक वर्षं आपले नकाशे याच ‘एव्हरेस्ट गोला’वर आखले जात होते.

आणि याच माळेने ओळंब्याला पकडलं. मध्य प्रदेशातलं सिरोंजजवळचं कल्याणपूर आणि हिमालयाजवळचं, मुजफ्फरनगरच्या बाजूचं कलियाना, या दोन ठाण्यांमधलं अक्षांशाचं अंतर दोन रीतींनी काढलं होतं: एक त्रिकोणांवरून, दुसरं ताऱ्यांवरून. दोन्ही उत्तरांत ५.२३६ विकलांचा फरक आला. जमिनीवर हे जेमतेम दीडशे-एकशेसाठ मीटर. सहाशे किलोमीटरांत एवढी चूक इतरांनी खपवून घेतली असती. कलकत्त्याचे आर्चडीकन जॉन हेन्री प्रॅट यांना ती खपली नाही. धर्मोपदेशक माणूस, पण गणितात केंब्रिजचा. ताऱ्यांवरून अक्षांश काढताना डोक्यावर नेमकं कुठे, हे ओळंबाच ठरवतो. कलियानाच्या शेजारी हिमालय आहे. त्या राशीने ओळंबा आपल्याकडे ओढला असणार. प्रॅटनी हिमालयाचं वस्तुमान अंदाजून ही ओढ काढली. उत्तर आलं १५.८८५ विकला.

चूक सापडायला हवी होती, तिच्या तिप्पट सापडली. हिमालय जेवढा ओढायला हवा, त्याच्या एकतृतीयांशच ओढत होता. एवढा मोठा डोंगर, आणि आतून पोकळ असल्यासारखा!

१८५५ साली इंग्लंडचे राजखगोलविद जॉर्ज एअरी यांनी याचं जे उत्तर दिलं ते धरमतरच्या खाडीत कुणालाही पटेल. रिकामी होडी आणि वाळूने भरलेली होडी शेजारी उभ्या करा. भरलेली वाळूच्या ढिगामुळे पाण्यावर उंच दिसत असेल, तर ती पाण्याखालीही त्या प्रमाणात खोल गेलेली असते. डोंगर तसेच. ते खालच्या जड थरात रुतून तरंगतात. वर जेवढी उंची दिसते त्याच्या कितीतरी पट खोल त्यांची हलक्या खडकाची मुळं गेलेली असतात. वरच्या जादा वस्तुमानाची भरपाई खालचं हलकेपण करतं, म्हणून ओळंबा फार झुकत नाही. प्रॅट यांचं स्पष्टीकरण वेगळं होतं: उंच भागाखालचा खडकच कमी घनतेचा. दोघांत थोडं-थोडं खरं निघालं. भूविज्ञानात या कल्पनेला समस्थायित्व म्हणतात, आणि तिचा जन्म आपल्या देशातल्या एका पाच विकलांच्या फरकातून झाला.

पुढे लंबक नेऊन गुरुत्व मोजायची पाळी आली. कॅप्टन बसेवी या अधिकाऱ्याने १८६५ पासून भारतभर लंबक टांगले. उंचावरचं मोजमाप हवं म्हणून लडाखमध्ये मोरे इथे गेला आणि १८७१ साली तिथेच वारला. आजचं गुरुत्वमापी यंत्र इतकं हळवं की जमिनीवरून उचलून टेबलावर ठेवलं तरी आकडा बदलतो. अशा यंत्रांनी महाराष्ट्राचा पट्टा तपासला तेव्हा एक ठळक गोष्ट दिसली. उंचीचा हिशेब वजा केल्यावर घाटमाथ्यापलीकडे दख्खनच्या पठारावर गुरुत्व अपेक्षेहून कमी भरतं, आणि मुंबईच्या किनाऱ्याकडे येताना चढत जातं. एका बाजूला पठाराची खोल मुळं. दुसऱ्या बाजूला, किनारपट्टीखाली, सहा-साडेसहा कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हाच्या उद्रेकांशी जोडलेले जड खडक कवचात घुसून बसले असावेत, असं मानलं जातं. कर्जत-पनवेल-पेणच्या बाजूचे बेसॉल्टचे थर पश्चिमेकडे कललेले दिसतात. जमीन खाली वाकली त्याची ती खूण. भूवैज्ञानिक तिला ‘पनवेल फ्लेक्शर’ म्हणतात. रस्त्यालगतच्या खडीच्या खाणीत हा कल नुसत्या डोळ्यांनी जाणवतो. तीच गोष्ट ओळंब्याला आणि लंबकाला कधीची ठाऊक आहे.

म्हणजे पृथ्वीच्या पोटात कुठे जड, कुठे हलकं असं भरलेलं आहे. जिथे जड तिथे पाणी जास्त ओढलं जातं आणि तिथली समुद्राची पातळी फुगते. जिथे हलकं तिथे पाणी आजूबाजूला सरकतं आणि पातळी खचते. गुळगुळीत दबलेल्या गोलाशी ताडून पाहिलं तर स्थिर समुद्रालाही टेकड्या आणि खळगे आहेत. वर्तमानपत्रांत कधीमधी रंगीत बटाट्यासारखी पृथ्वी छापतात ती हीच. चित्रात उंचसखलपणा हजारो पटींनी वाढवलेला असतो. खरोखरीचे टोकाचे चढउतार शंभर मीटरच्या आसपास आहेत.

या खळग्यांतला सगळ्यांत खोल खळगा आपल्याच समुद्रात आहे. श्रीलंकेच्या दक्षिणेला हिंदी महासागराची पातळी त्या कल्पित गोलापेक्षा १०६ मीटर खाली बसली आहे. सगळं भारतीय उपखंड या खळग्याच्या उतारावर येतं. खळगा का पडला, यावर बरीच वर्षं डोकेफोड चालली आहे. बंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेतल्या देबांजन पाल आणि आत्रेयी घोष यांनी २०२३ साली संगणकावर पृथ्वीच्या पोटातल्या कोट्यवधी वर्षांच्या हालचाली चालवून पाहिल्या. त्यांचा निष्कर्ष असा की लुप्त झालेल्या टेथिस समुद्राचा तळ खोल बुडाला, त्याने आफ्रिकेखालचा तप्त साठा ढवळला, आणि तिथून वर उठलेला हलका, उष्ण खडक या भागाखाली पसरला. वाद मिटला असं नाही, पण चित्र पटण्यासारखं आहे.

माझ्या उणे एकसष्टचा उलगडा इथे होतो. उपग्रहांना खाडी दिसत नाही, उधाण दिसत नाही. ते गुळगुळीत दबलेल्या गोलापासून उंची मोजतात. पेणच्या किनाऱ्याजवळ खरी समुद्रसपाटी त्या गोलाच्या साठ-पासष्ट मीटर खाली आहे. बांधाचा माथा समुद्रसपाटीपासून दोन-तीन मीटर वर. वजाबाकी करा, ॲपचा आकडा मिळेल. पुष्कळ ॲप ही दुरुस्ती स्वतःच करून दाखवतात. काही करत नाहीत. बंगळुरू-चेन्नईच्या बाजूला हाच फरक ऐंशी मीटरच्या पुढे जातो, कारण तो भाग खळग्याच्या आणखी जवळ.

इथे शहाण्या वाचकाला प्रश्न पडेल: मुंबईहून श्रीलंकेच्या दक्षिणेला निघालेलं जहाज चाळीसेक मीटर उतार उतरतं, तर ते घसरत का नाही? याचं उत्तर गवंड्याच्या नळीतच आहे. उतार म्हणजे ओळंब्याला तिरकी असलेली जमीन. जिऑइड प्रत्येक ठिकाणी ओळंब्याला काटकोनातच असतो. त्यावर ठेवलेली गोटी कुठेच घरंगळणार नाही. तो खळगा भूमितीच्या दृष्टीने खळगा आहे, पाण्याच्या दृष्टीने सपाट आहे. पाणी भूमिती मानत नाही, गुरुत्व मानतं. खारेपाटात बांध घालताना पाण्याचंच ऐकावं लागतं, म्हणून उपग्रहाचा कच्चा आकडा इथे कुचकामी आहे.

पण पाण्याचं ऐकायचं म्हणजे कुठल्या क्षणीचं? खाडी तर दर घटकेला वर-खाली. त्यासाठी सरासरी काढावी लागते. मुंबईच्या अपोलो बंदरात १८७८ पासून भरती-ओहोटीची नोंद ठेवली जाते. हिंदी महासागराच्या परिसरातल्या सगळ्यांत जुन्या नोंदींपैकी ती एक. अशा नऊ बंदरांची सरासरी समुद्रपातळी शून्य धरून १९०९ साली भारतभर उंचीच्या खुणांचं जाळं बांधलं गेलं. कराची ते ओरिसा अशी ही नऊ बंदरं. स्टेशनच्या पिवळ्या पाटीवर नावाखाली समुद्रसपाटीपासूनची जी उंची वाचतो, तिचं मूळ शून्य हेच. रोह्यापासून पुढे कोकण रेल्वे सुरू होते. तिचा रत्नागिरीजवळचा करबुडे बोगदा साडेसहा किलोमीटरांचा. दोन्ही टोकांकडून खणत आलेली माणसं डोंगराच्या पोटात समोरासमोर यायची, तर दोन्ही बाजूंच्या उंच्या एकाच शून्याशी बांधलेल्या हव्यात.

मात्र १९०९च्या हिशेबात एक गृहीत होतं: नऊही ठिकाणी समुद्र एकाच पातळीवर आहे. तो नसतो. कोमट पाणी फुगतं, गोडं पाणी हलकं असतं, वारा पाणी किनाऱ्याकडे रेटतो. बंगालचा उपसागर आणि अरबी समुद्र यांच्या पातळीत थोडा फरक पडतोच. म्हणून आता सर्व्हे ऑफ इंडिया गुरुत्वाची मोजमापं जमवून देशाचा स्वतःचा जिऑइड बांधत आहे. तो पुरेसा बारीक झाला की उपग्रहाचा आकडा घ्यायचा, जिऑइडचा आकडा वजा करायचा, खरी उंची तयार. गावठाणांची ड्रोन-मोजणी झाली, घरांच्या मालमत्ता पत्रिका निघाल्या, हे आपल्या कानावर असतं. पुराचं पाणी कुठल्या घरात शिरेल हे सांगायला मात्र घराची लांबी-रुंदी पुरत नाही, पाण्याच्या भाषेतली उंची लागते.

आणि शून्यांचा गोंधळ इथेही संपत नाही. पावसाळ्यात बातम्यांत सांगतात, ‘आज ४.८ मीटरची भरती’. हे मीटर समुद्रसपाटीपासूनचे नव्हेत. ते नौकानयनाच्या नकाशावरच्या शून्यापासून मोजलेले, आणि ते शून्य नीचतम ओहोटीच्या आसपास ठेवलेलं असतं, कारण खलाशाला काळजी तळ लागण्याची. मुंबईत सरासरी समुद्रपातळी त्या शून्याच्या सुमारे अडीच मीटर वर आहे. म्हणजे ४.८ची भरती सरासरी पातळीच्या सव्वादोन मीटर वर चढते. मुंबई महापालिकेच्या जुन्या आराखड्यांवर टाउन हॉलशी बांधलेलं आणखी तिसरंच शून्य भेटतं. तीन खात्यांचे तीन कागद शेजारी ठेवून बांधाची उंची ठरवायला बसलेल्या माणसाने प्रत्येक आकड्याला आधी त्याचं शून्य विचारावं.

बरं, ज्या जमिनीवर आपण हे सगळं मोजतो ती तरी स्थिर आहे का? चंद्र-सूर्य पाण्याला ओढतात तसे खडकालाही ओढतात. जोह्याची जमीन दिवसातून दोनदा फूटभराच्या आसपास वर उचलली जाते आणि खाली बसते. बांध, उघाडी, कारखाना, पाहणारा, सगळे एकदमच हलतात म्हणून कुणाला कळत नाही.

गुरुत्वही स्थिर नाही. २००२ साली ‘ग्रेस’ नावाची उपग्रहांची जोडी सोडली गेली. सुमारे २२० किलोमीटर अंतर ठेवून एकामागून एक धावणाऱ्या या जोडीला शास्त्रज्ञांनी टॉम आणि जेरी अशी टोपणनावं दिली होती. पुढच्याच्या खाली जड भाग आला की तो किंचित पुढे ओढला जातो, अंतर वाढतं. मग मागच्याची पाळी. केसाच्या जाडीहूनही लहान अशा या फरकांवरून खालचं वस्तुमान महिन्यागणिक तोलता येतं. राजस्थान, पंजाब, हरियाणा, दिल्ली या पट्ट्यातून २००२ ते २००८ या काळात १०९ घन किलोमीटर भूजल नाहीसं झालं, हे या जोडीनेच दाखवून दिलं. कोयना धरण काठोकाठ भरलं तर तीन घन किलोमीटर पाणी धरतं. छत्तीस कोयना धरणं उपसली गेली आणि ते कळलं कशावरून, तर दोन उपग्रहांमधलं अंतर हललं त्यावरून.

हे झालं आभाळातलं. जमिनीवरच्या खुणा मात्र हरवत चालल्या आहेत. इंग्रजी अमलात उंचीच्या खुणांचं ते जाळं बांधताना जुन्या इमारतींच्या पायऱ्यांवर, पुलांच्या कठड्यांवर, रस्त्याकडेच्या दगडांवर जी.टी.एस. आणि बी.एम. अशी इंग्रजी अक्षरं कोरून ठेवली होती. त्या जागेची समुद्रसपाटीपासूनची उंची मिलिमीटरपर्यंत मोजून नोंदवलेली आहे. मुंबईत असे काही दगड शोधून जपायला आता कुठे सुरुवात झाली आहे. बाकीच्यांतले कितीतरी रस्तारुंदीकरणात उखडले गेले किंवा सिमेंटखाली गेले. तुमच्या गावात जुन्या मोरीवर, धर्मशाळेच्या जोत्यावर ही अक्षरं दिसली, तर त्यावर गिलावा चढवू देऊ नका आणि सर्व्हे ऑफ इंडियाला कळवा.